कॅमेऱ्याकडे पाहणारा लासिना

पडद्यावर संसद पेटली आणि राजधानी वागादुगूतल्या एका शाळेच्या पटांगणात टाळ्यांचा कडकडाट झाला. सत्तावीस वर्षं खुर्चीला चिकटून बसलेला राष्ट्राध्यक्ष ज्या उठावात पळाला, त्यावर तासेरेनं केलेला हा माहितीपट. लोक त्याला मिठ्या मारत होते आणि स्वारी हरभऱ्याच्या झाडावर चढली होती.

खेळ संपला तरी एक म्हातारी जागची हलेना.

"मी माईमूना, लासिना तोएची आई. संसद पेटली त्या दिवशी दुपारी गोळी लागून गेला तो. सकाळी तू त्याचं चित्रण केलंस, असं त्याचे दोस्त सांगतात. कुठाय रे तो? मी डोळ्यांत तेल घालून बघत होते."

तासेरेला आठवला तो पिवळ्या सदऱ्यातला पोरगा. तासेरे मोसी, लासिना सामो. या दोन जमातींचं नातंच चेष्टेचं. एकमेकांना गुलाम म्हटल्याशिवाय अन्न पचत नाही. त्या गर्दीतही लासिना थेट भिंगात डोकावून ओरडला होता, "ए मोसी गुलामा, कॅमेरा सरळ धर! तुझा मोसी राजा खुर्ची सोडून चाललाय!"

"जा रे, कुत्र्याची मुंडी खाणाऱ्या!" सामोंना चिडवायच्या ठरलेल्या शिवीनं तासेरेनंही हसत परतफेड केली होती.

पुढे संकलनाला बसल्यावर मात्र तो शहाणा झाला. कॅमेऱ्याकडे बघणारा माणूस कापायचा, हा धंद्याचा नियम. त्यात क्रांतीच्या चित्रात दात काढणारं पोरगं शोभतं का? कापलं. डिस्क भरली तेव्हा पुसूनही टाकलं. कसली अक्कल ती!

थाप मारता आली असती. पण त्यानं खरं तेच सांगितलं. "माई, तो माझ्याकडे बघून हसत होता, म्हणून चित्रातून कापून टाकला. आता काहीच उरलं नाही. चुकलो मी."

माईमूना आता कुठे उठून उभी राहिली.

"सामोच्या मयताला मोसी येतो," ती म्हणाली, "गेलेल्याची नक्कल करतो, रडत्या घराला हसवतो. माझ्या दारी कुणी आलं नाही. रस्ते बंद होते. आता तू कर, गुलामा."

तासेरे वाकला, डोळे मोठे केले आणि लासिनासारखा ओरडला. म्हातारी तोंडावर हात ठेवून हसली, हसता हसता रडली.

"आवाज अगदी त्याचा. आणि त्याच्या तोंडावर भीती होती का रे? खरं सांग."

तासेरेनं आठवून आठवून पाहिलं. तो तुकडा त्यानं तीनदा पाहिला होता. तिन्ही वेळा कुठून कापायचा, एवढंच पाहिलं होतं.

"माहीत नाही, माई," तो म्हणाला.