गाडी सासूबाईंच्या नावावर

गाडीची नोंदणी संपून चार महिने झाले होते आणि घरात कोणाला त्याचा पत्ता नव्हता. चूक माझीच. आमच्या लॉन्ड्रीचे सगळे कागद माझ्या ताब्यात असतात. दुकानाचा परवाना, विजेची बिलं, दवाखान्याशी केलेला करार, गाडीचा विमा, सगळंच. विम्याची तारीख जवळ आली म्हणून मी विमावाल्याला फोन केला, तर तो म्हणाला, "वहिनी, तुमच्या गाडीला पंधरा वर्षं होऊन गेली की. नोंदणी वाढवून घेतलीत का? त्याशिवाय विमा नाही निघायचा."

मी कपाटातून नोंदणीचं कार्ड काढलं आणि तारीख दोनदा वाचली. चार महिने आम्ही मुदत संपलेली गाडी भर रस्त्यात फिरवत होतो.

गाडी म्हणजे आमची पांढरी व्हॅन. ती सासूबाईंच्या नावावर आहे, कारण ती त्यांनीच घेतली, स्वतःच्या पैशांनी, वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी. त्याआधी वीस वर्षं त्या इस्त्रीच्या टेबलापाशी उभ्या होत्या. मग सासरे गेले, आणि माल पोचवणारा टेम्पोवाला ऐन वेळी दांड्या मारायला लागला. सासूबाईंनी दोन महिन्यांत गाडी शिकून घेतली. परवान्याच्या परीक्षेत एकदा नापास झाल्या, दुसऱ्यांदा पास. तेव्हापासून दवाखान्याच्या चादरींचे गठ्ठे त्याच पोचवतात. बाजारात त्यांना सगळे 'मोटारवाल्या काकू' म्हणतात आणि त्यांनाही ते आवडतं.

दुसऱ्या दिवशी मी नोंदणी कार्यालयात जाऊन चौकशी केली. नूतनीकरणाची फी, तपासणीची फी, जुन्या गाडीवरचा पर्यावरण कर, आणि उशीर केल्याबद्दल महिन्याला एक हजार दंड. शिवाय तपासणीला न्यायच्या आधी दोन टायर बदलायचे आणि मागचा पत्रा गंजला होता तिथे वेल्डिंग करून घ्यायचं. सगळं मिळून एक्केचाळीस हजार.

संध्याकाळी दुकान बंद करताना मी आकडा सांगितला. माझा नवरा तेव्हा वाळलेल्या चादरी मोजत होता. तो एकदम वळला.

"एक्केचाळीस? अगं, भंगारवाला अख्ख्या गाडीचे पंचवीस देतोय! चार आण्याची कोंबडी नि बारा आण्याचा मसाला."

सासूबाईंनी एका चादरीची दोन टोकं त्याच्यापुढे धरली. "धर."

चादरीची घडी घालायला दोन माणसं लागतात, त्यामुळे बिचाऱ्याला घडी घालता घालताच भांडावं लागलं.

"आई, मी काय म्हणतो, गाडी देऊन टाकू. भाड्याचा टेम्पो लावू."

"महिन्याला किती घेईल तो?"

"बारा हजारात होईल."

"म्हणजे सहा महिन्यांत तुझी कोंबडीही संपली आणि मसालाही. माझी गाडी त्यानंतरही चालत असेल."

"आणि तपासणीत नापास झाली तर?"

"तर दुरुस्त करू आणि परत नेऊ. मी नव्हते झाले नापास?" त्यांनी घडी त्याच्या हातातून घेतली आणि गठ्ठ्यावर ठेवली. त्या गठ्ठ्याबरोबर तो विषयही बांधून झाला.

मला मात्र राहवेना. मी म्हटलं, "आई, दंडाचे चार हजार मी भरते. तारीख माझ्या नजरेतून सुटली. शिवणकामातून साठलेले पैसे आहेत माझ्याकडे."

मला वाटलं, त्या म्हणतील, 'जाऊ दे गं, चूक कोणाच्या हातून होत नाही?' पण त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं आणि म्हणाल्या, "बरं. भर."

खरं सांगते, क्षणभर मनाला लागलं. पण दुसऱ्या दिवशी काम करता करता माझ्या लक्षात आलं, त्यांनी मला पाठीवर हात फिरवून गप्प बसवलं नव्हतं. दुकानातल्या भागीदाराने आपली जबाबदारी ओळखली, आणि दुसऱ्याने ती मान्य केली, इतकंच झालं होतं. लग्नाला अकरा वर्षं झाली माझ्या. त्या घरात मी इतकी ताठ मानेने त्या दिवसाआधी कधी वावरले नव्हते.

टायर बदलले, पत्रा जोडून झाला. तपासणीच्या दिवशी आम्ही दोघी सकाळीच निघालो. कार्यालयामागच्या मोकळ्या जागेत गाड्यांची रांग लागली होती. फाटकाशीच खांद्याला बॅग अडकवलेला एक दलाल खिडकीपाशी आला.

"काकू, कशाला उन्हात ताटकळता? सहा हजार द्या. गाडी आत न्यायची गरज नाही, कागद घरपोच."

"गाडी न बघताच पास?"

"म्हणजे बघितल्यासारखंच हो."

"असं करा," सासूबाई म्हणाल्या, "आमच्या चादरीसुद्धा तुम्हीच घेऊन जा. न धुता धुतल्यासारख्या करून दवाखान्यात पोचवा. आजारी माणसं झोपतात त्यांवर."

मागच्या रिक्षावाल्याला हसू आवरेना. दलाल पुढच्या गाडीकडे सरकला.

इन्स्पेक्टर जाड चष्म्याचा, कमी बोलणारा माणूस होता. त्याने दिवे बघितले, हॉर्न ऐकला, धूर मोजला, ब्रेक तपासले. सगळ्यावर बरोबरच्या खुणा पडत गेल्या. शेवटी गाडी चढावर नेऊन हँडब्रेक लावायला सांगितलं. सासूबाईंनी लावला. गाडी थांबली आणि मग हळूच वीतभर मागे सरकली.

"नापास," तो म्हणाला. "केबल सैल झाली आहे. पुढच्या आठवड्यात या. फेरतपासणीचे नऊशे वेगळे."

परत येताना सासूबाईंनी रस्त्यावरची नजर हलवली नाही. मला वाटलं, मनाला लावून घेतलं. सिग्नलला गाडी थांबली तेव्हा त्या म्हणाल्या, "बरोबर केलं त्या माणसाने. दवाखान्याच्या मागच्या दाराशी केवढा उतार आहे! मी गठ्ठे उतरवत असताना गाडी सरकली असती, तर? नऊशेत ते कळलं." आणि सिग्नल सुटताच त्यांनी गाडी गॅरेजच्या रस्त्याला लावली.

घरी नवऱ्याने तोंड उघडलंच होतं, पण मी डोळे मोठे केले, आणि त्याने ते पुन्हा मिटलं.

पुढच्या आठवड्यात त्याच चढावर गाडी खिळा ठोकल्यासारखी उभी राहिली. इन्स्पेक्टरने पुढून दोन्ही हातांनी ढकलून बघितलं. हलेना. त्याने कागदावर खूण केली. आता फक्त चेसिसचा नंबर उतरवून घ्यायचा राहिला होता. गाडीच्या सांगाड्यावर जो नंबर कोरलेला असतो, त्यावर कागद ठेवून पेन्सिल घासायची, म्हणजे आकडे कागदावर उमटतात. पलीकडे एक ट्रकवाला कधीचा पॉलिशपेपर घेऊन आपल्या गाडीचा नंबर शोधत बसला होता. गंजाखाली त्याला एक आकडा सापडे, दुसरा हरवे. घामाने त्याचा शर्ट पाठीला चिकटला होता.

आमच्या गाडीपाशी इन्स्पेक्टर वाकला, कागद लावला, पेन्सिल फिरवली आणि सगळेच्या सगळे आकडे एका दमात उमटले. त्याने कागद उजेडात धरून पाहिला. मग पुन्हा खाली वाकून ती जागा पाहिली.

"मावशी, ही गाडी पंधरा वर्षांचीच ना?"

"पंधरा वर्षं आणि पाच महिन्यांची."

"मग हा नंबर असा कसा राहिला?"

"गाडी घेतली तेव्हा गॅरेजवाला म्हणाला होता, नंबर गंजू देऊ नका. म्हणून दर महिन्याला गाडी धुतली की तिथे तेलाचं बोट फिरवते."

"पंधरा वर्षं?"

"गाडी रोज कामाला येते आमच्या. मग एवढं नको करायला?"

इन्स्पेक्टर उभा राहिला आणि त्याने ट्रकवाल्याला हाक मारली. "अहो, जरा इकडे या. गाडी कशी ठेवायची ते बघून जा."

ट्रकवाला कुरकुरत आला, गुडघ्यावर बसून त्याने नंबर पाहिला, आणि उठताना सासूबाईंना म्हणाला, "मानलं, काकू." रांगेतले आणखी दोघं-तिघं उतरून बघायला आले. सासूबाई पदराने हात पुसत बाजूला उभ्या होत्या. मला आजवर एवढा अभिमान स्वतःच्या लेकीच्या पहिल्या नंबराचाही वाटला नव्हता, आणि ते लेकीला कळलं तरी चालेल.

आत खिडकीवर मी पावत्या घेतल्या. दंडाची पावती मी वेगळी मागून घेतली. कारकुनाने अर्ज वाचला, जन्मतारखेपाशी थांबला, मान वर करून सासूबाईंकडे पाहिलं आणि जरा चाचरत म्हणाला, "नोंदणी पाच वर्षांसाठी वाढेल. पाच... चालतील ना?"

"त्याहून जास्त मिळत नाहीत का?" सासूबाईंनी विचारलं.

"नाही."

"मग पाच द्या."

तिथून आम्ही तडक दुकानात जाऊन गठ्ठे भरले. दवाखान्यात पोचायला दोन तास उशीर झाला होता. मोठ्या सिस्टर दारातच वाट बघत उभ्या होत्या. "काकू, आज कुठे अडकलात?"

"गाडीचा सत्कार होता," सासूबाई म्हणाल्या आणि त्यांनी मागचं दार उघडलं.

संध्याकाळी मी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो हातातली चादर ठेवून उठला. बाहेर गेला, गाडीखाली वाकला, आणि बराच वेळ मोबाइलचा उजेड पाडून तो नंबर बघत राहिला. दोन दिवसांनी शेजारचा हार्डवेअरवाला जुनी गाडी भंगारात काढायचं म्हणाला, तर आमचे हे त्याला समजावत होते, "छे, छे! गाडी पंधरा वर्षांची झाली म्हणून काय झालं? नीट ठेवायला हवी. आमच्या आईच्या गाडीचा चेसिस नंबर बघायला साहेबांनी लोक बोलावले होते, माहीत आहे? मी तर आधीपासून म्हणत होतो, खर्च होऊ दे, गाडी देऊ नका."

काउंटरमागे मी आणि सासूबाई एकमेकींकडे पाहत होतो. मी तोंड उघडणार, एवढ्यात त्यांनी चादरीची दोन टोकं माझ्यापुढे धरली.

"राहू दे गं," त्या हळूच म्हणाल्या. "बोलतोय तर बोलू दे. त्यालाही थोडं मिरवू दे की."