पुढच्या वर्षीचं मशीन

मी एक लेथ आहे. पितळ आणि पोलाद कातून त्याला हवा तो गोल आकार देणारं यंत्र. इंग्लंडमधल्या विलनहॉल गावात, कालव्याच्या काठावरच्या एका शेडमध्ये मी अठ्ठेचाळीस वर्षं चाललो. आता बंद आहे. माझं स्वतःचं सांगण्यासारखं फारसं काही नाही. जे आहे ते नेव्हिलचं आहे.

मला इथे आणलं तेव्हा माझा रंग हिरवा होता आणि माझ्याभोवती आठ माणसं उभी राहून टाळ्या वाजवत होती. थोरले हार्टशॉर्न मालक माझ्यावर हात ठेवून म्हणाले होते, "हे आपल्याला वीस वर्षं पुरेल." त्यांचा हिशेब बरोबर होता. वीस वर्षं मी सरळ चाललो. एकविसाव्या वर्षी थोरले मालक वारले, गादीवर मुलगा आला, आणि मला पुरवून पुरवून वापरणं चालूच राहिलं.

माझ्यावर पाण्याच्या झडपांचे पितळी दांडे बनत. एक दांडा वीतभर लांब. सारखं त्याच जागी घासून माझा बेड, म्हणजे ज्यावर कातायचं हत्यार मागेपुढे सरकतं तो पाट, चकच्या, म्हणजे पितळ पकडून फिरवणाऱ्या जबड्याच्या, बाजूला झिजला. त्यामुळे दांडा नुसता माझ्यावर सोडला तर एका टोकाला केसभर जाड राहायचा. झडपेत तो बसला नसता.

पण तो बसायचा, कारण नेव्हिल ग्रेझब्रुक होता. सव्वीस वर्षांचा असताना तो माझ्यापाशी उभा राहिला आणि पुढे पस्तीस वर्षं तिथेच उभा राहिला. मी कुठे झिजलोय हे त्याच्या तळहाताला ठाऊक होतं. त्या जागी हत्यार आलं की तो हँडव्हीलवर, म्हणजे हत्यार सरकवायच्या हातचाकावर, हलका दाब द्यायचा. किती, ते त्यालाही सांगता आलं नसतं. एका दांड्याला चौदा मिनिटं लागायची आणि दांडा बिनचूक निघायचा.

एकदा धाकटे मालक त्याला बर्मिंगहॅमच्या यंत्रांच्या प्रदर्शनाला घेऊन गेले. दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत नेव्हिल सँडविच हातात धरून बसला होता. खात नव्हता.

"आपलाच दांडा," तो मालकांना म्हणाला, "तिथे एक बाई तीन मिनिटांत काढत होती. आणि एकटी तीन मशीनं बघत होती. मधे चहासुद्धा प्यायली."

"पाहिलं मी."

"मग?"

"पुढच्या वर्षी बघू, नेव्हिल. या वर्षी छप्पर करायचंय. आणि खरं सांगू? तू असताना मला मशीनची काळजी नाही."

नेव्हिलला ते ऐकून बरं वाटलं होतं. माझ्याकडे वळताना तो हसत होता. पुढच्या वर्षी पुन्हा विचारलं, त्याच्या पुढच्या वर्षीही. उत्तरं बदलत गेली, मी बदललो नाही. मालक वाईट नव्हते. एकदा ते मोकळेपणाने म्हणाले, "ऑर्डर कमी झाली तर माणसाला घरी बसवता येतं. एवढं मोठं मशीन घेतलं आणि काम आलं नाही, तर त्याचं मी काय करू?" समोर उभ्या माणसालाच आपण हे सांगतोय, हे त्यांच्या लक्षात आलं नाही.

मग एका सोमवारी नेव्हिलने हात काढून घेतला.

काम नेहमीसारखंच केलं. वेळेवर आला, पितळेची कांब चढवली, हत्यार लावलं. फक्त त्या जागी हँडव्हीलवर दाब दिला नाही, दोन्ही हात खिशात घालून उभा राहिला. दांडा निघाला तो एका टोकाला जाड. मंगळवारी तेच. बुधवारी तेच. गुरुवारी वाया गेलेल्या दांड्यांची पेटी भरली, तेव्हा मालक आले. त्यांनी एक दांडा उचलून बोटांनी चाचपला.

"हे काय झालं?"

"काही नाही झालं. मशीनला जेवढं जमतं तेवढं केलं."

"आणि इतकी वर्षं?"

"इतकी वर्षं मी हात लावत होतो. तुम्हाला दिसावं म्हणून या आठवड्यात नाही लावला."

मालकांनी माझ्या बेडवरून अंगठा फिरवला. त्यांना खळगा लागला असावा. हातातला दांडा त्यांनी पेटीत टाकला. मग म्हणाले, "कळलं मला. सोमवारपर्यंत काहीतरी करतो."

त्या शुक्रवारी नेव्हिलने माझ्यामागची भिंत रिकामी केली. खुंट्या काढल्या, टेप लावून मोजमाप घेतलं. नवीन मशीनला किती जागा लागेल ते जमिनीवर खडूने आखलं.

सोमवारी ग्लेनिस आली. पन्नाशीची बाई, हातात मापं घ्यायचा मायक्रोमीटर, काखेत घडीचं स्टूल. मालकांनी तिला प्रत्येक दांडा तपासायला ठेवलं होतं. खराब असेल तर परत नेव्हिलकडे, चांगला असेल तर डब्यात. तिला बसायला कोपरा नव्हता, म्हणून खडूने आखलेल्या जागेत तिने स्टूल टाकलं.

नेव्हिल हसायला लागला. हसता हसता थांबला.

"माझ्या तोंडाला काही लागलंय का रे?" तिने विचारलं.

"नाही बाई. तुझी काही चूक नाही. बस."

तिने काम चोख केलं. त्यानेही दुसऱ्या दिवसापासून तळहात पुन्हा हँडव्हीलवर ठेवला, कारण खराब माल हातातून जाणं त्यालाच सोसवेना. तिच्या तपासणीत एकही दांडा परत आला नाही. तरी ती रोज सगळे मोजायची. जे काम एक माणूस करत होता ते आता दोघं करू लागली, आणि दिवसाला दांडे तेवढेच निघू लागले. नेव्हिलने नवीन मशीनचं नाव पुन्हा काढलं नाही. मला वाटतं, त्याच्या आत काहीतरी बंद पडलं. मला नक्की सांगता येणार नाही. मी तेव्हा चालू होतो.

आठ वर्षांनी झडपा घेणाऱ्या कंपनीने दांडे परदेशातून मागवायला सुरुवात केली. मालक शेडमध्ये येऊन म्हणाले, शुक्रवार शेवटचा. ते रडत होते. नेव्हिलने त्यांना बसायला स्टूल दिलं.

शुक्रवारी कामच नव्हतं. नेव्हिलने माझ्यातला पितळेचा भुसा ब्रशने काढला, चक पुसला, बेडला तेल दिलं.

"आता कशाला?" ग्लेनिस म्हणाली. "भंगारात जाणार हे मशीन."

"पाच वाजायला अजून चाळीस मिनिटं आहेत," तो म्हणाला.

मी भंगारात गेलो नाही. मला उचलायला क्रेन आणायला हवी होती, आणि ते पुढच्या वर्षावर गेलं. शेडमध्ये आता पार्सलं ठेवतात. ग्लेनिस तिथेच कामाला आहे, खोकी या टोकाहून त्या टोकाला नेते. नेव्हिल सुपरमार्केटबाहेरच्या ट्रॉल्या गोळा करतो, असं तिला कोणालातरी सांगताना मी ऐकलं.

परवा रेडिओवर एक माणूस सांगत होता, की आपल्याकडचा कामगार तासाला जेवढा माल काढतो, त्याहून कितीतरी जास्त शेजारच्या देशांतला काढतो. लोकांना कष्टाची सवय राहिली नाही, असं त्याचं मत पडलं. ग्लेनिसच्या हातात खोकं होतं. ती थांबली नाही. "अरे, तू ये ना इथे, उचल," एवढं म्हणून पुढे गेली.

मला राग येत नाही. काहीच येत नाही. पण तुमच्याकडे कोणी असं बोललं, तर त्या माणसांच्या हातात काय दिलं होतं तेवढं आधी जाऊन बघा. बाकी माझं मागणं नाही. बाहेर पाऊस आहे, आणि कामगारांचे ओले कोट माझ्यावर वाळत घातलेत.