झुडपातला चाकू

ज्यूरीसाठी बोलावल्याचं पत्र. वाचायचा चष्मा. टर्कीचं सँडविच. आयोवातल्या त्या कोर्टात गारठा असतो म्हणून स्वेटर. थेल्मानं सगळं आठवणीनं घेतलं. घरी ठेवायचा राहिला तो खिशातला चाकू, गेलेल्या नवऱ्याची एवढीच आठवण.

"काकू, आत नेलात तर जप्त होईल. परत मिळायचा नाही," दारावरचा पोलीस म्हणाला. मग हळूच, "त्या झुडपात ठेवा. सगळे तिथंच ठेवतात."

"आणि कुणी उचलला तर?"

"उचलणाऱ्याचाही तिथंच असतो की!"

दिवसभर तिचा जीव त्या झुडपात अडकला होता. संध्याकाळी तिनं पानांत हात घातला. तीन चाकू लागले. एक तिचा होता.

दुपारी माळ्यानं झुडूप छाटताना ते बाजूला काढून पुन्हा तिथंच ठेवले होते.