पहिल्या कृतीचं बिस्कीट

"तिथेच थांब. उंबऱ्याच्या आत पाऊल टाकायचं नाही."

चवताईंनी हात आडवा केला, तसा त्यांचा धाकटा भाऊ दारातच थबकला. पायात रबरी बूट, डोक्यावर जाळीची टोपी आणि अंगाला वितळलेल्या बटरचा दाट, गोडसर वास. तो वास कपड्यांतून कधीच कातडीत उतरला होता. साबणाला दाद देत नव्हता, सुट्टीच्या दिवशीही जात नव्हता.

"ताई, दोन मिनिटं बोलायचंय."

"दोन मिनिटांत तू माझी अख्खी खोली बाद करशील. चाचणी आहे आज. मागे सरक. अजून. हां, आता बोल."

तो व्हरांड्याच्या भिंतीला टेकला. "आज ट्रेमधून काय येणार आहे, माहीत आहे का तुला?"

"नाही. माहीत नसणं हीच माझी नोकरी."

"मग मी सांगतो. बिनबटरचं बिस्कीट येणार आहे. नुसतं तेल आणि बटरच्या वासाचे दोन थेंब. खरेदीवाले काल आमच्या बटरखात्यात आले होते. कढईभोवती असे फिरले, जसा काय भंगारवाला! तू पास केलंस की आमचं खातं बंद. मला पॅकिंगला टाकतील, माझं एक चालेल. पण रोजंदारीवरच्या तिघा पोरांना सरळ घरचा रस्ता."

"मी पास-नापास करत नाही. तिन्हीतलं वेगळं कोणतं ते शोधते. सापडलं की नवीन कृती परत जाते, संपलं."

"आणि नाही सापडलं तर?"

चवताई हसल्या. "अरे, दुधात पाणी घातलं तर कुठल्या विहिरीचं ते सांगते मी. बटर काढलेलं कळणार नाही मला?"

"बढाया नकोत, ताई."

"बढाई नाही, अनुभव आहे. जा, तुझी कढई करपेल."

तो गेला. व्हरांड्यातला वास जायला मात्र बराच वेळ लागला. चवताईंनी खिडक्या उघडल्या आणि चाचणी जरा उशिराने सुरू करायला सांगितली.

चवताई हे त्यांचं खरं नाव अर्थातच नव्हतं, पण बिस्किटांच्या त्या कारखान्यात खरं नाव पगारपत्रकापुरतं उरलं होतं. रसायनशास्त्राची पदवी घेऊन त्या प्रयोगशाळेत लागल्या, त्या पिठातला ओलावा मोजायला. पुढे कुणाच्या तरी लक्षात आलं, की साखरेची गोणी बदलली तर यंत्राच्या आधी या बाई नाक मुरडतात. तेव्हापासून चव घेणाऱ्या मंडळाच्या त्या प्रमुख होत्या. मंडळात कारखान्यातलेच लोक, हिशेबखात्यापासून वखारीतल्या हमालांपर्यंत. चाचणीच्या सकाळी चहा नाही, कच्चा कांदा नाही, वासाचा साबण तर कधीच नाही. नवरा चारचौघांत म्हणायचा, "आमच्या हिला फूल द्यायचं तर कागदाचं द्यावं लागतं." घरी मात्र मीठ कमी पडो की जास्त, चवताई चकार शब्द काढत नसत. फुकट सल्ला द्यायची त्यांना सवय नव्हती.

कारखान्याचं सगळं गणित एका नाण्याभोवती फिरत होतं. त्यांचा छोटा पुडा एका नाण्याला मिळायचा. शाळेत जाणारं पोर खिशातलं नाणं काढून दुकानदारापुढे ठेवतं आणि पुडा घेऊन पळतं. त्या पोराला सुटे मागत बसलात, की ते शेजारच्या कंपनीचा पुडा उचलतं. म्हणून किंमत वाढवायची सोय नव्हती. गहू वाढला, साखर वाढली, तेल आणणाऱ्या जहाजांचं भाडं वाढलं, मोठ्या दुकानांनी फळीवर जागा द्यायचेही पैसे मागायला सुरुवात केली. नाणं तेवढंच राहिलं. मग बिस्कीट बारीक झालं, पुड्यातलं एक कमी झालं, बिस्किटावरची नक्षीची भोकं वाढली. "भोकाला पीठ लागत नाही," असं तेव्हा पॅकिंगमधल्या बायका म्हणायच्या. देशातल्या सगळ्याच कंपन्या हेच करत होत्या, त्यामुळे कुणी कुणाला हसत नव्हतं. भोकंही काढून झाल्यावर सगळे बटरकडे वळले. दर वेळी थोडं बटर कमी, थोडं तेल जास्त. आणि दर वेळी चवताईंचं मंडळ नव्या आणि आधीच्या बिस्किटात फरक आहे का ते बघायचं.

बघायची पद्धत साधी पण कडक होती. प्रत्येकाला एक बंद खण. खणात लाल दिवा, म्हणजे बिस्किटाचा रंग कळू नये. समोरच्या छोट्या खिडकीतून ट्रे आत येतो. ट्रेमध्ये आकडे लावलेली तीन बिस्किटं, त्यातली दोन एका कृतीची आणि एक दुसऱ्या कृतीचं. वेगळं कोणतं ते लिहायचं. मध्ये कोमट पाण्याने चूळ भरायची.

चवताईंनी पहिलं खाल्लं, चूळ भरली. दुसरं, तिसरं. जिभेच्या टोकाला, मग टाळूला, मग नाकाच्या मागच्या बाजूला, जिथे बटर सगळ्यात उशिरा रेंगाळतं, तिथे लक्ष दिलं. मधलं वेगळं होतं. त्यांनी बेधडक लिहून टाकलं.

मधलं वेगळं नव्हतं.

निकाल घेऊन प्रयोगशाळेतली मुलगी आली, तिला त्यांच्याकडे बघवेना. "ताई, डोळे मिटून बोट ठेवलं असतं तरी एवढेच जण बरोबर आले असते."

"म्हणजे फरक नाही."

"चाचणीप्रमाणे नाही."

चवताई खुर्चीत बसल्या. आपली जीभ गेली की काय, असा विचार येऊन गेला, पण तो त्यांनी फार वेळ बसू दिला नाही. त्यांनी कपाटातून साखरेची, मिठाची पातळ द्रावणं काढली आणि स्वतःला तपासलं. जीभ ठणठणीत होती. म्हणजे चूक दुसरीकडे होती. चूक शोधायला लागल्या, की त्यांना भूक लागायची. डब्यातला पाव तोडता तोडता त्यांनी एकदम हात थांबवला आणि स्वतःशीच म्हणाल्या, "अगं बाई, मावशीच नाही आपल्याकडे!"

मॅनेजरच्या खोलीत शिरतानाही त्यांच्या तोंडात तेच होतं. मॅनेजर तरुण होता, शिकलेला होता आणि खरेदीवाल्यांसारखा घाईचा नव्हता. "मावशी?" त्याने विचारलं.

"रोज बघणाऱ्या आईला मूल वाढलेलं कळत नाही, साहेब. वर्षाने येणारी मावशी दारातूनच ओरडते, 'किती उंच झालास रे!' आपण दर वेळी नव्या बिस्किटाची गाठ कुणाशी घातली? त्याच्या आधीच्याशी. आधीचं त्याच्या आधीच्याशी. पहिल्याशी कधीच नाही. प्रत्येक पायरी एवढीशी होती, म्हणून आम्ही म्हणत गेलो फरक नाही, फरक नाही. आणि आता जिना उतरून तळघरात आलोय."

मॅनेजरने पेन खाली ठेवलं. "हे आधी सुचायला हवं होतं. मला, तुम्हाला, कुणालाही." मग तो म्हणाला, "पण मॅडम, बटरचा भाव तुम्हाला माहीत आहे. हे केलं नाही तर छोटा पुडाच बंद करावा लागेल. मग फक्त तुमच्या भावाचं खातं नाही, अख्खी एक लाईन जाईल."

"माझ्या भावासाठी नाही आले मी." हे बोलल्यावर त्यांनाच ते अर्धं खरं वाटलं. "बरं, त्याच्यासाठीही आले. पण मुद्दा बरोबर आहे ना?"

"मुद्दा शंभर टक्के बरोबर आहे. उद्या पहिल्या कृतीचं बिस्कीट भाजा आणि नव्याच्या शेजारी ठेवा. फरक सापडेल याबद्दल मलाही शंका नाही." त्याने पेन उचललं. "मात्र खाली आणखी एक प्रश्न असू दे. तिन्हीतलं पुन्हा खावंसं वाटतं ते कोणतं?"

"असू दे की," चवताई म्हणाल्या. "त्याला कोण भितं?"

पहिली कृती प्रयोगशाळेत होतीच. ती कुणी लपवली नव्हती, फक्त कुणी मागितली नव्हती. दुसऱ्या दिवशी छोट्या भट्टीत ती भाजायला घेतली. भावाने बटरचं पातेलं भट्टीघराच्या दाराशी आणून ठेवलं. आणताना मिरवत आणल्यासारखं आणलं. भाजणीचा वास व्हरांड्यात पसरला, तसे पॅकिंगमधल्या बायकांचे चेहरे दारात दिसू लागले. वखारीतले म्हातारे हमाल तर काम सोडून आले. "आमच्या वेळचं बिस्कीट गं हे," त्यांनी भाजणाऱ्या मुलीला सांगितलं, "खाल्लं की बोटं पुसावी लागायची."

"एक द्या की आम्हाला, चवताई."

"चाचणीनंतर. आधी खाल्लंत तर मंडळातून नाव काढीन."

चाचणीपुरती काढून उरलेल्यांतली चार भावाने कागदात गुंडाळून खिशात टाकली. चवताईंनी पाहिलं, पण ओरडल्या नाहीत.

लाल दिव्याच्या खणात ट्रे आला. या वेळी शोधायची गरजच नव्हती. डावीकडच्याचा घास घेताच टाळूवर बटर पसरलं, जड, गरम, सावकाश. चवताईंना इतका आनंद झाला, की चूळ भरायची त्या विसरल्या. शेजारच्या खणातून कुणीतरी "हेच, हेच!" म्हणालं. बोलायची बंदी होती, तरी त्यांनी दटावलं नाही. आकडा लिहिला. मग खालचा प्रश्न आला.

पुन्हा खावंसं वाटतं ते कोणतं?

त्यांनी डावीकडच्याचा आकडा लिहायला पेन्सिल टेकवली आणि सहज ट्रेकडे पाहिलं. उजवीकडची दोन्ही बिस्किटं संपली होती. विचार करता करता हाताने ती केव्हा उचलली, ते त्यांना कळलंही नव्हतं. ट्रेच्या कोपऱ्यातला चुराही बोटाने टिपून खाल्लेला होता. डावीकडच्याचा एक घास गेला होता, बाकी तसंच होतं.

त्यांनी ते उचलून पुन्हा एक तुकडा तोडला. चांगलं होतं. उत्तम होतं. आणि पुरे झालं होतं. जिभेला ते जड वाटत होतं.

खण बंद होता. दिवा लाल होता. टेकवलेल्या पेन्सिलीने डावीकडच्याचाच आकडा लिहिणं एवढंच काम होतं, आणि ते बघायला कुणी नव्हतं. चवताईंनी चूळ भरली. मग जे खरं होतं ते लिहिलं आणि खिडकी आपल्या हाताने उघडली.

वेगळं बिस्कीट सगळ्यांनी ओळखलं होतं, एकानेही चूक केली नव्हती. पुन्हा खायला मात्र बहुतेकांनी नवं मागितलं होतं. "जुनं चिकटतं तोंडात," हिशेबखात्यातला एकजण म्हणाला. "भारी आहे हो, पण चहाबरोबर नको वाटतं." जुन्याच्या बाजूने वखारीतले म्हातारे आणि भाजणारी मुलगी, एवढेच.

मॅनेजरने कागद पाहिले आणि दार लोटलं. "मंडळ लहान आहे, मॅडम. तुम्ही म्हणालात की एवढ्यावर ठरवू नका, तर मी वर तसं कळवतो. तीन-चार महिने सहज निघतील. तुमचा शब्द चालतो तिथे."

तीन-चार महिने म्हणजे रोजंदारीवरच्या पोरांचे तीन-चार पगार. चवताईंना ते लगेच कळलं. समोरच्यालाही ते माहीत होतं, आणि तो मनापासून विचारत होता.

"नको," त्या म्हणाल्या. "मी पण नवंच मागितलंय. त्याची चव आम्हीच लावली ना? पायरी पायरीने. आता जीभ तिकडे राहायला गेली, तिला मी खोटं कसं पाडू?" मग त्या टेबलावर पुढे वाकल्या. "पण दोन गोष्टी लिहून द्या. यापुढे प्रत्येक चाचणीत पहिल्या कृतीचं बिस्कीट असणार. कालच्याशी तुलना बंद. आणि वखारीत दोन माणसं कमी आहेत, म्हातारे रोज कण्हतात. बटरखात्यातली पोरं तिकडे घ्या. तेवढा शब्द चालवा माझा."

"पहिली गोष्ट आजच करतो," मॅनेजर म्हणाला. "दुसरीत दोघांचं जमेल. तिसऱ्याचं नाही सांगता येत."

"तिसऱ्यासाठी उद्या पुन्हा येईन," चवताई म्हणाल्या आणि उठल्या.

बटरखात्यात भावाने कढई तापवणारी वाफ आधीच बंद केली होती आणि ब्रश घेऊन ती घासायला घेतली होती. बातमी त्यांच्या आधी पोचली होती.

"तू काय लिहिलंस?" त्याने पाठमोऱ्यानेच विचारलं.

"नवं."

कढईवर त्याचा हात थांबला. "लिहिलं असतंस जुनं, तर काय जीभ झडली असती?"

"झडली असती. आणि मग मी काय खाल्लं असतं?"

तो हसला नाही. कढईच्या कडेला चिकटलेलं बटर बोटाने उगाच ओरबाडत राहिला. मग म्हणाला, "सकाळी पहिल्या घाण्यातली चार नेऊन आलो ना मधल्या सुट्टीत घरी. लेकीला दिली. म्हटलं, बघ तरी, तुझा बाप काय करायचा. एक चावा घेतला तिने. म्हणते, बाबा, हे बिघडलंय का?"

चवताईंची नजर नळाकडे गेली. कढईतून भट्टीकडे जाणाऱ्या नळाला मध्ये काचेचा एक तुकडा बसवलेला होता, आतली धार दिसावी म्हणून. त्यात राहिलेलं बटर आत्तापर्यंत पिवळंधमक आणि आरपार होतं. आता थंड होत काचेच्या कडेपासून ते धुरकट व्हायला लागलं होतं. दोघंही बघत राहिले. धूसरपणा सावकाश मध्यापर्यंत आला आणि पलीकडची भिंत दिसेनाशी झाली.

चवताईंनी बाह्या वर सारल्या आणि भिंतीवरचा दुसरा ब्रश काढला.

"थंड पाणी नको गं, ताई," भाऊ म्हणाला. "गरम घे. आणि वरून खाली घास."