विझलेल्या चुलीवरची कोळंबी

इकडे, जरा वर बघा. घराखालच्या खांबाला जो टोप टांगलाय ना, तोच मी बोलतोय. पोटाला पोचा आहे, एक कान थोडा सैल आहे, पण गळत मात्र नाही.

माझा जन्म कारखान्यातला. ॲल्युमिनियमची एक चकती, वरून एक जबरदस्त दाब, आणि मी तयार. आत बसेल अशी भोकांची टोपलीही माझ्याबरोबर आली. हार्डवेअरच्या दुकानात मी बरेच दिवस फळीवर होतो. मग एके दिवशी नॉरिस आला. त्यानं बोटानं मला टकटक केलं, कान लावून ऐकलं आणि म्हणाला, "हा चालेल. माझ्या बायकोचं, एलोडीचं, डोकं ह्याच्यापेक्षा कठीण आहे, जमेल दोघांचं."

नॉरिसची कोळंबीची बोट होती. लुइझियानाच्या दक्षिणेला, जिथे जमीन संपत संपत पाणी होते, तिथलं हे गाव. घरासमोरून बायूचं, म्हणजे दलदलीतल्या ओढ्याचं, संथ पाणी जातं आणि घर खांबांवर उभं आहे. अंगणात मोठ्या मेजवान्या व्हायच्या, तेव्हा माझ्याहून चौपट मोठे हंडे यायचे. मी घरातला. अचानक कुणी आलं, पटकन कोळंबी उकडायची झाली, की मला हाक.

उकडायची रीत नॉरिसनं एलोडीला शिकवली, असं तो म्हणायचा. ती म्हणायची, तिनं त्याला. आधी पाण्यात कापडाची पुरचुंडी सोडायची. तिच्यात धणे, मोहरी, लवंगा, तमालपत्र. मग लाल तिखट, अर्धे कापलेले लसणाचे गड्डे, कांदे, पिळलेली लिंबं सालांसकट. बटाटे शिजत आले की मक्याची कणसं. कोळंबी अगदी शेवटी. पुन्हा उकळी फुटली की लगेच गॅसची चूल बंद करायची, मीठ आणि मूठभर बर्फ टाकायचा आणि कोळंबी तशीच भिजत ठेवायची. मीठ आधी टाकलं तर साल सुटत नाही, असं इथे सगळेच मानतात. आणि चूल चालू राहिली तर कोळंबीचं रबर होतं.

हे सगळं सांगतोय, कारण पुढे जे झालं ते ह्या रीतीमुळेच झालं.

नॉरिस गेला. मुलगा केर्विन ह्यूस्टनला नोकरीला लागला, तिथेच राहिला. एलोडी आणि मी उरलो. तिचं एक ठरलेलं होतं. पाणी उकळायला लागलं की ती डोळे मिटून माझ्यावर वाकायची आणि वास घ्यायची. नुसत्या वासावरून म्हणायची, "लवंग कमी आहे." आणि खरंच कमी असायची.

ह्या वर्षी हिवाळा संपताना, मार्डी ग्राच्या सणाच्या सुमारास, तिला ताप आला. ताप गेला, पण त्यानंतर तिनं माझ्यावर वाकून डोळे मिटले नाहीत. आता ती वाकायची ती खोकला येईपर्यंत. वाफेतलं तिखट घशाला लागलं की "हां, झालं," म्हणायची आणि मागे सरकायची. पहिल्यांदा मला वाटलं, घाई असेल. मग एकदा राजम्याचं भांडं शेजारच्या चुलीवर जळून कोळसा झालं. ती पलीकडच्याच खोलीत विणत बसली होती. धूर दारात आला तेव्हा उठली. त्या दिवसापासून माझ्या जिवाला स्वस्थता नाही. हिला वास येत नाही, हे त्या घरात फक्त मला ठाऊक होतं. आणि मला तोंड कुठे आहे?

त्या जळक्या भांड्याचा वास ईस्टरला आलेल्या केर्विनच्या नाकात गेला होता. तो म्हणाला होता, "आई, माझ्या घरी तुझी खोली तयार आहे. पुन्हा असं काही झालं तर मी विचारणार नाही, सरळ घेऊन जाईन."

ती उठून खिडकीशी गेली. नुसती बाहेर पाण्याकडे बघत राहिली.

मे महिन्यात, एका शनिवारी, सकाळीच त्याचा फोन आला. तो निघाला होता, जेवायला पोचणार होता. एलोडीनं मला खाली काढलं, पुसलं आणि मला उद्देशून म्हणाली, "आज नीट वाग हं." मला धडकीच भरली.

शेजारचा अल्सीड कोळंबीची पिशवी घेऊन आला. तोही बोटवालाच, आणि इथल्या रीतीप्रमाणे थोरल्या बायकांना 'मिस' म्हणणारा.

"मिस एलोडी, पहाटेची आहे. अजून उड्या मारतेय."

"तुझ्या बोलण्यावर माझा कधीच विश्वास नव्हता. खरं सांग, ताजी आहे ना?"

अल्सीड बघतच राहिला. "तुम्ही मला विचारताय? मागच्या मोसमात नुसतं नाक लावून माझी अख्खी टोपली परत पाठवली होती तुम्ही! गावभर हसले मला."

"आज घाई आहे. जा आता, बायको वाट बघत असेल."

"ती माझी नाही, उरलेल्या कोळंबीची वाट बघतेय," असं म्हणून तो गेला. पण जिन्यावर एकदा थांबला आणि मागे वळून बघितलं त्यानं. मला वाटलं, विचार रे, विचार! नाही विचारलं.

पाणी उकळलं. पुरचुंडी, तिखट, लसूण, सगळं वेळेवर पडलं. ती वाकली, खोकली, "झालं," म्हणाली. बटाटे झाले, कणसं झाली. आज मुलगा येणार म्हणून सगळंच जास्त होतं, मी काठापर्यंत भरलो होतो. कोळंबी आत गेली. उकळी लवकर यावी म्हणून तिनं वर झाकण ठेवलं आणि जुनी वर्तमानपत्रं काखेत मारून घराखालच्या टेबलावर पसरायला गेली. आमच्याकडे कोळंबी ताटात नाही, कागदावर ओततात.

खाली वारा होता. कागद उडत असावेत, कारण तिचा ओरडा ऐकू येत होता. "अरे, थांबा की मेल्यांनो!" कागदांनाच म्हणत होती.

इकडे माझ्या पोटात फेस चढायला लागला. झाकण थडथडलं. मी थोपवून धरायचा प्रयत्न केला, पण टोपाच्या हातात काय असतं? झाकण उचललं गेलं आणि मी उतू गेलो. पाणी धबधब्यासारखं बर्नरवर पडलं. चर्र झालं. माझ्या बुडाखालची धग एकदम गेली.

पण बटण चालूच होतं. सूं, सूं, असा बारीक आवाज येत राहिला. खिडकीतला एसी घरघरत होता, त्यात तो आवाज कुणाला कळणार? उकाड्यामुळे खिडक्याही बंद.

एलोडी वर आली. तिनं झाकण काढलं. पाणी शांत, कोळंबी गुलाबी, खाली ज्योत नाही. तिनं कपाळाला हात लावला. "बघा, बंद केला होता की मी. विसरलेच." ह्या क्षणी चूल बंदच असायला हवी होती, म्हणून तिला काहीच वावगं वाटलं नाही. तिनं मीठ टाकलं, बर्फ टाकला, ओट्यावर सांडलेलं पाणी फडक्यानं टिपलं आणि खुशीत गुणगुणायला लागली.

सूं, सूं.

मग तिनं छोट्या भांड्यात लोण्याचा तुकडा घातला. लसणाचं पातळ लोणी, कोळंबी बुडवून खायला. भांडं माझ्या शेजारच्या बर्नरवर ठेवलं. काड्यापेटी उचलली.

मी आयुष्यात बरंच ऐकलं, सोसलं. दोन वादळांत पाण्यावर तरंगलो. पण तशी भीती कधी वाटली नव्हती. तिनं पेटी उघडली. काडी निवडली. ती काडी मोडली, दमट होती. "ह्या हवेत काही कोरडं राहील तर शपथ," असं पुटपुटत तिनं दुसरी काढली.

जिन्यावर पावलं वाजली. दार उघडलं.

"आई! काडी नको! टाक ती, टाक!"

केर्विननं तिचा हात धरला, बटण फिरवलं, खिडक्या धाडधाड उघडल्या आणि तिला जवळजवळ उचलूनच खाली नेलं. जाता जाता ती ओरडत होती, "अरे, कोळंबी! जास्त भिजली तर खारट होईल!"

"घर उडालं असतं आणि तुला कोळंबीची पडलीय!"

"मग दोन्ही घालवायचं का?"

घर मोकळं झाल्यावर तो मला न्यायला आला. फडक्यानं माझे कान धरून त्यानं मला उचललं. खाली आणून त्यानं मला टेबलावर रिकामं केलं. लाल पाण्यात माखलेली कोळंबी, बटाटे, कणसं कागदावर पसरली. कुणी हात लावेना.

"तुला वास आला नाही?"

"सर्दी आहे जरा."

"आई."

ती एक कोळंबी उचलून सोलायला लागली. "मार्डी ग्राच्या तापापासून. कॉफीचा नाही, पावसाचा नाही, कशाचाच नाही. डॉक्टर म्हणाला, येईल कदाचित, कदाचित नाही."

"मला सांगितलं नाहीस."

"सांगितलं असतं तर त्याच दिवशी माझी बॅग भरली असतीस."

"भरलीच असती. आत्ताही भरणार आहे. आज निघायचं, आई."

तिनं सोललेली कोळंबी त्याच्यासमोर धरली. "आधी खा."

त्यानं खाल्ली. मग दुसरी स्वतःच घेतली. जरा वेळानं म्हणाला, "वास येत नाही तर हे जमवलंस कसं?"

"मीठ जिभेला कळतं. तिखट घशाला कळतं. बाकी लवंगा-बिवंगा, तुझ्या वडिलांवर सोडलं." तिनं हातातली साल बाजूला टाकली. "केर्विन, वास कसा येतोय रे ह्याला? सांग ना."

त्यानं तोंड खाली नेलं. बराच वेळ शोधत राहिला. "लिंबाचा... लसणाचा... आणि डॅडी बोटीवरून आले की त्यांच्या शर्टाला यायचा, तसा."

"म्हणजे घाण येतोय म्हण की!"

तो हसला, आणि हसता हसता त्यानं बाही डोळ्यांना लावली. तिखट हाताला होतं, डोळ्यांना नाही.

"मी तिथे काय करू?" ती म्हणाली. "तुमच्या इमारतीत मला कोण ओळखतं? इथे निदान अल्सीडला शिव्या तरी देता येतात. चूल काढ ना. मला कशाला काढतोस?"

त्यानं मान वर करून घराच्या फळ्यांकडे बघितलं.  खरं सांगतो, तिच्या त्या वाक्यात माझं काय होणार, ते मला तेव्हा कळलं नाही.

केर्विन दोन दिवस राहिला. गॅस काढून टाकला. काचेच्या पाठीची, विजेवरची नवी शेगडी बसवली. धूर झाला की वाजणारा भोंगा छताला लावला. अल्सीडच्या बायकोनं रोज एक चक्कर मारायची, फ्रीज उघडून वास घ्यायचा, असं ठरलं. थंडीपर्यंत बघू, मग पुन्हा बोलू, असं म्हणून तो गेला.

दुसऱ्या दिवशी एलोडीनं मला त्या काचेवर ठेवलं. शेगडीनं टीं-टीं केलं आणि बंद पडली. तिला लोखंड लागतं, ॲल्युमिनियम ती ओळखतच नाही. एलोडीनं पुन्हा ठेवलं. पुन्हा टीं-टीं. तिनं माझ्या पोच्यावरून अंगठा फिरवला, मला खाली आणलं आणि ह्या खिळ्याला टांगलं. आता आत एक चकचकीत स्टीलचं पातेलं आहे.

माझी तक्रार नाही. ती घरात राहिली, मी बाहेर आलो. पण इथून मला आतलं काही कळत नाही. ती पावलं टाकते तेव्हा वरच्या फळ्या वाजतात. बराच वेळ वाजल्या नाहीत, की मी दोन्ही कान टवकारतो. काल अल्सीडची बायको आली नाही. आजही अजून आलेली नाही. आणि थंडी काही फार लांब नाही.

तुम्ही जिना चढून वर निघालाच आहात, म्हणून एवढंच मागतो. मला खाली काढू नका, घासू नका. दारात उभं राहून विचारा, "मिस एलोडी, काय शिजतंय?" ती उत्तर देईल, थट्टाही करेल. ती बोलत असताना तुम्ही एक लांब श्वास घ्या. आणि मग अजून एक, तिच्या वाटणीचा.