कापलेली चौदा मिनिटं

फ्रँकोच्या हुकूमशाहीने स्पॅनिश सिनेमाचं काळीज कापून नेलं, आणि ते परत आणण्याचं ऐतिहासिक कार्य माझ्या वाट्याला आलं. म्हणजे असं, की दिग्दर्शक उर्रेआच्या एका सिनेमातली सेन्सॉरने कापलेली चौदा मिनिटं कोणीच पाहिली नव्हती, आणि मी त्यांच्यावर जाडजूड पुस्तक लिहिलं. न पाहिलेल्या गोष्टीवर लिहायला मोकळीक फार मिळते.

मग ती चौदा मिनिटं पॅरिसच्या एका गोदामात सापडली. तेरुएलच्या आमच्या सिनेक्लबने लगेच खेळ ठेवला. ही मिनिटं म्हणजेच ते काळीज, हे माझं म्हणणं पडद्यावर खरं ठरलं तर पुस्तकाची दुसरी आवृत्ती काढायची, असं प्रकाशकाने कबूल केलं होतं.

पहिल्या रांगेत उर्रेआची विधवा, ओब्दुलियाबाई. शेजारी क्लबचा अध्यक्ष फेर्मिन, सूर्यफुलाच्या बिया सोलत.

पडद्यावर एक जाडा तरुण आला आणि खेचराकडे बघून गाऊ लागला. मागे ओढ्यावर एक मुलगी झगा खोचून कपडे धूत होती. कडव्यामागून कडवी. खेचराने तोंड फिरवलं.

"मास्तर, काळीज कधी येतंय?" फेर्मिनने विचारलं.

"खेचर म्हणजे दबलेली जनता," मी म्हणालो.

"आणि गाणारा?"

ओब्दुलियाबाई खुदकन हसल्या. "अरे पोरा, तो निर्मात्याचा भाचा! त्याला गायला लावा, नाहीतर सिनेमा बंद. मग आमच्या ह्यांनी मागे ती पोर बसवली. म्हणाले, गुडघे दिसू देत, पुढचं सेन्सॉरमधले पाद्रीबुवा बघून घेतील."

"पण नुसते गुडघेच कापले असते तर?" मी विचारलं.

"म्हणून तर प्रत्येक कडव्यात गुडघे! अख्खं गाणं उडालं, त्या दिवशी आम्ही कोकरू भाजलं."

पुढच्या गुरुवारी दुसरा खेळ होता. चौदा मिनिटं ठेवायची की काढायची? आमचा क्लब हुकूमशाहीला विरोध म्हणून निघालेला, त्यामुळे सगळं हात वर करून ठरतं; कोपरात वाकवून, ताठ हात फ्रँकोवाल्यांचा सलाम वाटायला नको म्हणून. मी कलेच्या स्वातंत्र्यावर आवेशाने बोललो.

"ठेवू या की," फेर्मिन म्हणाला. "प्रास्ताविक मास्तर करतील. खेचरासकट."

मिनिटं एकमताने कापण्यात आली. पहिला हात माझा होता.

दुसरी आवृत्ती निघाली नाही. पहिली अजून शिल्लक आहे.