उतारावरची भट्टी

बेकरीच्या भट्टीला भेग पडली तेव्हा भाऊजींनी ती मातीने लिंपून टाकली आणि विषय संपवला. काही दिवसांनी भेग पुन्हा उघडली, आधीपेक्षा रुंद. ते दुसऱ्यांदा लिंपायला बसले तेव्हा ताईने न राहवून धाकट्या बहिणीला फोन केला.

धाकटी भूगर्भ खात्यात होती. डोंगर, नद्या, भूकंप हेच तिचं रोजचं काम. एवढ्याशा भेगेसाठी फोन केला म्हणून ती हसेल, असं ताईला वाटलं होतं. ती हसली नाही.

"मागचं दार नीट लागतंय का गं?" तिने विचारलं.

"नाही लागत. पण दमट हवेने फुगलं असेल."

"मी उद्या येते."

बेकरी डोंगराच्या उतारावर होती, अर्ध्या वाटेवर. खाली नवा रुंद केलेला रस्ता, त्याच्या पलीकडे नदी. वर पायऱ्यांची गल्ली आणि तिच्या दोन्ही बाजूंना घरं. भाऊजी पहाटे पाव भाजायचे, ताई गल्ला सांभाळायची. अख्ख्या उताराची सकाळ त्यांच्या पावाच्या वासाने व्हायची.

धाकटी आली ती आधी घरात शिरलीच नाही. ती गल्लीच्या टोकापर्यंत चढली. विजेचे खांब खालच्या बाजूला कलले होते. दोन पायऱ्यांच्या मध्ये पंजा जाईल एवढी फट पडली होती आणि कुणीतरी तीत विटांचे तुकडे कोंबले होते. मग ती ताई-भाऊजींना घेऊन खाली रस्त्यावर आली. रस्ता रुंद करताना डोंगर उभा कापला होता, तिथे आतलं सगळं उघडं पडलं होतं: लालभडक माती आणि तिच्यात अडकलेले गोल धोंडे.

"डोंगर म्हणजे खडकच ना?" भाऊजी म्हणाले. "मग खडक जाणार कुठे?"

"खडक फार खाली आहे. आपल्याकडे बारा महिने ऊन आणि पाणी. त्यात खडक कुजतो, भाऊजी. कांद्याचे पापुद्रे सुटावेत तसा बाहेरून आत सुटत जातो. तुमच्या घराखाली चार-पाच मजले खोल नुसती माती आहे. हे गोल धोंडे दिसतात ना, तेवढाच काय तो शिल्लक राहिलेला खडक."

भाऊजींनी बोटाने माती उकरली. ती ओल्या कणकेसारखी निघाली.

"आणि दरीच्या तळाशी जमिनीत जुना तडा आहे," ती पुढे म्हणाली. "त्याच्या अलीकडची बाजू हळूहळू वर सरकतेय. डोंगर वर येतो, नदी त्याचा पाय कापते, म्हणून उतार इतका उभा राहिलाय. परवा भूकंपाचा धक्का बसला ना, तो त्याच तड्यावरचा. त्याने माती ढिली झाली. त्यात रस्त्यासाठी आपणही पाय कापला."

"म्हणजे डोंगर एकीकडे वाढतोय आणि दुसरीकडे आतून कुजतोय." भाऊजींनी पोटावरून हात फिरवला. "अगदी माझंच वर्णन झालं की."

ताई हसली. धाकटीला हसू आलं, पण ते टिकलं नाही.

तिच्या साहेबांनी तिचं म्हणणं नीट ऐकून घेतलं. उतारावर तीन ठिकाणी खोल भोकं पाडून त्यांत नळ्या बसवल्या. मातीच्या पोटात पाणी किती चढलंय ते त्यांत कळायचं. भेगांच्या दोन्ही काठांना खिळे ठोकले आणि त्यांच्यातलं अंतर मोजायला सुरुवात झाली. खिळे लांब सरकत होते. पावसाळ्याच्या तोंडावर उतार रिकामा करायचं ठरलं आणि माणसं खालच्या सपाटीवर, एका बंद पडलेल्या शाळेत राहायला आली.

एकेका वर्गात दोन-दोन कुटुंबं. फळ्यांवर कपडे वाळत, बाकांवर भांडी. ताई तिथे जमिनीवर अंथरूण घालून झोपू लागली आणि तिची पाठ धरली. भाऊजींना हातांचं काय करावं तेच कळत नसे. ऊन पडलं की ते वर जाऊन भट्टीला हात लावून यायचे. "गार पडलीये," परत येऊन सांगायचे, जणू घरातलं कुणी आजारी आहे.

पाऊस कोसळत राहिला. धाकटी रेनकोट चढवून रोज मोजायला जायची. सुरुवातीला खिळे थोडे सरकले आणि मग थांबले. उतारावरून एक ढेकूळही पडलं नाही. शाळेत कुरबुर सुरू झाली. कुणी तरी तिला भेगाबाई म्हणालं आणि ते नाव चिकटलं. "भेगाबाई आल्या, आता भिंतीला नमस्कार करा," असं तिच्या कानावर येईल एवढ्या आवाजात बोललं जायचं. ताई ते ऐकून न ऐकल्यासारखं करायची, पण दिवसेंदिवस तीही कमी बोलू लागली.

शेवटी आभाळ मोकळं झालं. लख्ख ऊन पडलं. शाळेच्या पटांगणात सगळे जमले, कारण आता कुणालाच थांबायचं नव्हतं. निवृत्त पोस्टमास्तर पुढे आले. त्यांना कमी ऐकू यायचं, त्यामुळे ते फार मोठ्याने बोलत.

"बाई, लांबण नको. पाऊस गेला. धोका आहे की नाही?"

खिळे थांबले होते. तीन नळ्यांपैकी दोन नळ्यांत पाणी उतरत होतं. तिसरीत मात्र ते अजून चढतच होतं. साहेब म्हणाले होते, गाळ भरून ती नळी तुंबली असणार. तिलाही तसंच वाटलं होतं. निदान तसं वाटून घेणं सोपं होतं. समोर ताई कमरेवर हात ठेवून उभी होती, चेहरा ओढलेला.

"पाऊस थांबला की धोका उतरतो," धाकटी म्हणाली. "सांभाळून राहा. पण जायला हरकत नाही."

लोकांचा जीव भांड्यात पडला. त्याच दुपारी सामान वर चढू लागलं. निघताना तिने भाऊजींना बाजूला घेतलं. "बेकरीमागच्या झऱ्यावर लक्ष ठेवा. पाणी गढूळ झालं किंवा एकदम आटलं, तर विचार करत बसू नका. सगळ्यांना घेऊन खाली या."

भाऊजींनी मान हलवली. त्यांचं अर्धं लक्ष भट्टीच्या लाकडांकडे होतं.

पुढचे काही आठवडे बरे गेले. मग एका कोरड्या, स्वच्छ सकाळी भाऊजी बादली घेऊन झऱ्यावर गेले आणि पाणीच नव्हतं. आदल्या संध्याकाळी धो-धो वाहणारा झरा, आणि आता नुसते ओले दगड. ते उभे राहिले. तेवढ्यात बेकरीतून मोठा कडकड आवाज आला. धावत जाऊन पाहतात तो भट्टीचा घुमट मधोमध फाटला होता आणि आतले पाव धगधगत्या निखाऱ्यांवर पडले होते.

"खाली जा," ते ताईला म्हणाले. "चप्पल नको, काही नको. जा."

त्यांनी पाव काढायचं लांब दांड्याचं फावडं उचललं, दुसऱ्या हातात पत्र्याचा ट्रे घेतला आणि तो बडवत पायऱ्या चढू लागले. लोक दारात येऊन बघत राहिले. कुणी विचारलं, आज पाव फुकट का? मग खांब करकरू लागले आणि कुणाला काही विचारायची गरज उरली नाही. बायका पोरांना काखेत मारून निघाल्या, म्हाताऱ्यांना पाठुंगळीला घेतलं गेलं.

पोस्टमास्तरांना ट्रे ऐकू आला नव्हता. भाऊजींनी त्यांचा हात धरून त्यांना दाराबाहेर काढलं. दोन पायऱ्या उतरल्यावर पोस्टमास्तर थांबले. "चष्मा," ते म्हणाले, आणि हात सोडवून मागे वळले.

उतार कोसळला नाही, सरकला. झाडं उभीच्या उभी, घरं छपरांसकट, सगळं एकदम खाली निघालं आणि रस्ता ओलांडून नदीत गेलं. भाऊजी पायऱ्यांबरोबर फेकले गेले. एका तुळईखाली त्यांचा पाय सापडला. पोस्टमास्तरांचं प्रेत दुसऱ्या दिवशी मिळालं.

धाकटी पोहोचली तेव्हा दुपार कलत होती. डोंगराच्या अंगावर लांबलचक लाल जखम होती आणि एवढ्या कडक उन्हात तिच्यातून पाणी झिरपत होतं. ते बघूनच तिच्या लक्षात आलं. वरचा पाऊस थांबला होता, पण मुरलेलं पाणी त्या जाड मातीतून हळूहळू उतरत आता कुठे तळाला पोहोचलं होतं. तिसरी नळी तुंबली नव्हती. तीच खरं सांगत होती.

तिने अहवालात ते तसंच लिहिलं. साहेब म्हणाले, "नळी तुंबली असं तर मलाही वाटलं होतं."

"हो. पण पटांगणात मी बोलले."

दवाखान्यात भाऊजींचा पाय गुडघ्याखाली कापावा लागला होता. ताई व्हरांड्यातल्या बाकावर बसली होती. तिच्या पायात कुणाच्या तरी मोठ्या मापाच्या चपला होत्या.

"तू जा म्हणालीस," ताई म्हणाली.

"हो."

ताईने तोंड फिरवलं. धाकटी आत गेली. भाऊजी जागे होते.

"झरा आटला तर निघा म्हणाली होतीस ना? निघालो," ते म्हणाले. "पण मी त्यांचा हात सोडला गं. जोर लावला असता तर ओढून आणता आलं असतं."

तिने त्यांच्या उशाशी पाणी ठेवलं.

त्यानंतर ताईने तिच्याशी बोलणं टाकलं. धाकटीचे फोन भाऊजी घेत. कुबड्यांची सवय होतेय, भाड्याच्या खोलीत ऊन चांगलं येतं, असं काहीबाही सांगत. "ती येईल वळणावर," दरवेळी म्हणत. तिला ते खरं वाटत नसे. नोकरी सोडायचं तिच्या मनात दोनदा आलं. पण पलीकडच्या डोंगरावरही घरं होती, तिथेही रस्ता कापला होता, आणि नळ्या बसवायला दुसरं कुणी नव्हतं.

पुढच्या पावसाळ्याआधी ताई स्वतः तिच्या ऑफिसात आली. टेबलाशी उभी राहिली, बसली नाही.

"बेकरीसाठी जागा बघितलीये. नदीकाठची, सपाट. तू बघून सांग."

दोघी गेल्या. धाकटीने कुदळीने छातीएवढा खड्डा खणला. आत वाळूचा थर, त्याखाली गोट्यांचा, पुन्हा वाळूचा. ताई काठावर उकिडवी बसून बघत होती.

"ही माती डोंगराचीच," धाकटी म्हणाली. "नदीने इथवर आणून पसरलेली. दरड इथे येणार नाही. पूर येऊ शकतो."

"कधी?"

"माहीत नाही."

ताईने काठावरची वाळू मुठीत घेतली. "तेव्हा पटांगणात असंच म्हणाली असतीस तर?"

"काही जण शाळेतच थांबले असते. काही वर गेले असते." धाकटीने हाताची माती झटकली. "पोस्टमास्तर तरीही गेलेच असते असं मी स्वतःला सांगत असते. पण तेही मला माहीत नाही."

पलीकडच्या काठावर कुणी कपडे धूत होतं. ताईने पदराने डोळे पुसले, नाक ओढलं आणि खड्ड्यातून वर यायला तिला हात दिला.

"चौथरा किती उंच घेऊ ते सांग," ती म्हणाली.

धाकटीने पिशवीतून टेप काढला. काठावरच्या झाडाच्या बुंध्यावर मागच्या पुराच्या गाळाची रेघ होती, तिथून मोजायला सुरुवात करायची होती. ताईने टेपचं दुसरं टोक धरलं.